बॅटरीत पाणी कोण घालणार?

मागच्या सेमिस्टरची गोष्ट. सबमिशनच्या आदल्या रात्री होस्टेलची लाइट गेली आणि इन्व्हर्टरने पाच मिनिटांत मान टाकली. आम्ही इलेक्ट्रिकलवाले चौघं टॉर्च घेऊन खाली गेलो. वॉचमन मामांनी बॅटरीचं झाकण उघडून दाखवलं. पाणी प्लेट्सच्याही खाली गेलेलं, टर्मिनलवर पांढरट थर! मामा म्हणाले, "डिस्टिल्ड वॉटर घालायचं कुणी, हेच ठरलेलं नाही." गंमत म्हणजे आमच्यातल्या दोघांचा सेमिनारचा विषय होता एनर्जी स्टोरेज.

तेव्हापासून एक विचार डोक्यातून जात नाही. आपण बॅटरीला देव करून ठेवलंय. सोलर दुपारी जास्त आणि संध्याकाळी शून्य? बॅटरी लावा! पेट्रोल महाग? बॅटरी लावा! हे खोटं नाही, पण अर्धंच खरं आहे.

साउथ ऑस्ट्रेलियाचं उदाहरण घ्या. 2016 च्या सप्टेंबरमध्ये वादळाने अख्खं राज्य अंधारात गेलं. पुढच्याच वर्षी तिथे हॉर्न्सडेलला टेस्लाची 100 मेगावॅट, 129 मेगावॅट-तासांची लिथियम बॅटरी बसली. ग्रिडची फ्रीक्वेन्सी घसरली की ती सेकंदाच्या आत सावरते. ग्रेटच! पण 129 ला 100 ने भागा. पूर्ण ताकदीने चालवली तर जेमतेम सव्वा तास. म्हणजे बॅटरी ही धान्याची कणगी नव्हे, रोजच्या वापराचा माठ आहे.

आपल्याकडे अकोले तालुक्यात घाटघरला 2008 पासून 250 मेगावॅटची वेगळीच 'बॅटरी' आहे. मागणी कमी असताना पाणी वरच्या धरणात चढवायचं, मागणी वाढली की खाली सोडून वीज करायची. उंचीतला फरक साधारण 400 मीटर. फर्स्ट इयरचं mgh आठवा : एक युनिट साठवायला जवळजवळ 1000 लिटर पाणी लागतं. तेवढीच वीज लिथियमच्या सात-आठ किलोंच्या पॅकमध्ये मावते. म्हणून स्कूटरला लिथियम आणि डोंगराला पाणी. ज्याचं काम त्याने करावं.

पण दोन्हीकडे भरलेलं सगळं परत मिळत नाही, काही भाग वाटेतच जातो. म्हणून माझं स्पष्ट मत : सगळ्यात स्वस्त युनिट ते, जे साठवावंच लागत नाही. सरकारलाही हे पटलंय. 2023 च्या नियमांनी सौर तासांतला दर नेहमीपेक्षा किमान 20 टक्के कमी ठेवायला सांगितलाय.

आणि आपण काय करतो? दिवसभर आपल्या ई-स्कूटर पार्किंगमध्ये उन्हात उभ्या, वर गच्चीवर पॅनेल्स तळपतायत. रात्री मात्र होस्टेलच्या खिडकीतून एक्स्टेंशन बोर्ड लोंबकळतात! ऐन मागणीच्या वेळी चार्जिंग, वर आगीची भीती.

कुणी म्हणेल, बिल कोण भरणार? सोपं आहे. पार्किंगच्या शेडमध्ये मीटर लावलेले चार सॉकेट द्या, ज्याचं युनिट त्याचे पैसे. आम्ही भरू, पण दिवसा चार्ज करू द्या.

दुसरी मागणी ऑफिसकडे नाही, आपल्याकडेच आहे. इन्व्हर्टरशेजारी एक वही टांगू या. दर महिन्याला आमच्या ब्रँचच्या दोघांनी ग्लोव्ह्ज-गॉगल घालून पाणी तपासायचं आणि सही करायची. मेलेली बॅटरी भंगारवाल्याला न देता डीलरकडे परत द्यायची, कारण 2022 च्या नियमांनी तिची जबाबदारी उत्पादकावर टाकली आहे, आणि तिच्यातलं शिसं कुणाच्या तरी विहिरीत उतरू शकतं.

मित्रांनो, गिगावॅटच्या गप्पा जरूर मारू. पण 150 अँपिअर-अवरच्या बॅटरीत पाणी घालायला ज्याला वेळ नाही, त्याच्या हातात उद्या ग्रिड कोण देणार?

वही मी आणून ठेवली आहे. पहिली सही कुणाची?