केरसुणीची पूजा आणि हातांचे ऋण

आश्विनाच्या अखेरीस महाराष्ट्रातील घरे माणसांनी भरून जातात. शहरात नोकरी करणारा मुलगा गावी येतो, सासरी गेलेली लेक भाऊबीजेसाठी माहेरी येते, परदेशी स्थायिक झालेल्या नातवंडांचा आवाज निदान दूरध्वनीवरून आजीच्या कानी पडतो. कुटुंब एका पंक्तीला बसते, यातच दीपावलीचे निम्मे सुख आहे. उरलेले निम्मे सुख कृतज्ञतेचे आहे. ते मात्र फटाक्यांच्या आवाजात आणि खरेदीच्या धांदलीत पुष्कळदा हरवते.

वस्तुतः या सणाचा प्रत्येक दिवस कोणाच्या तरी उपकाराचे स्मरण करून देतो. वसुबारसेला सवत्स धेनूची पूजा होते. अनेक घरांत त्या दिवशी दूध-तूप वर्ज्य मानतात. वर्षभर जिच्या दुधावर घर पोसले, तिच्या वासराचा हक्क एक दिवस तरी आधी मानावा, असा त्याचा सहज अर्थ लावता येतो. धनत्रयोदशीला आरोग्यदात्या धन्वंतरीचे स्मरण होते. पाडव्याला व्यापारी वहीची पूजा करतो, पत्नी पतीला ओवाळते; भाऊबीजेला बहिणीच्या तबकात ओवाळणी पडते. घेतलेल्याची जाण ठेवावी आणि ती कृतीने व्यक्त करावी, हा संस्कार व्याख्यानांनी नव्हे, तर निरांजनाच्या उजेडात पिढ्यान्‌पिढ्या रुजविला गेला आहे.

यातील सर्वांत अर्थगर्भ प्रथा लक्ष्मीपूजनाची आहे. त्या सायंकाळी नवी केरसुणी आणून, तिला हळदकुंकू वाहून, तीच लक्ष्मी म्हणून पूजली जाते. जिथे स्वच्छता तिथे संपदा, हा विचार तर त्यात आहेच. पण घरातील सर्वांत हलक्या मानल्या जाणाऱ्या वस्तूला देवत्वाच्या पाटावर बसविण्याचे मोठेपणही त्यात आहे. शिंदीच्या पात्यांची ही केरसुणी परंपरेने मातंग समाजातील हात वळत आले. गावगाड्यात या हातांनी घडविलेली लक्ष्मी घरोघरी देवासमोर मांडली गेली. तो घडविणारा मात्र उंबरठ्याबाहेर उभा राहिला. हिंदू समाजाने आपल्या सणाकडे डोळे उघडून पाहायचे ठरविले, तर ही विसंगती नजरेआड करता येणार नाही.

गावातील तो उंबरठा काळाबरोबर झिजला. शहरांत मात्र त्याने नवे रूप घेतले आहे. रोज सकाळी घंटागाडी येते, सोसायटीचा जिना झाडला जातो, तुंबलेले गटार मोकळे होते. ही कामे कोण करतो, त्याचे नाव काय, त्याची मुले कोणत्या शाळेत जातात, याची माहिती किती सुशिक्षित घरांना असते? कचरा एक दिवस उचलला गेला नाही, तर तक्रारीसाठी दूरध्वनी होतो. तो वर्षभर उचलला जातो, याबद्दल मात्र चकार शब्द निघत नाही.

हे अज्ञान निरुपद्रवी असते, तर गोष्ट वेगळी होती. पण त्याची किंमत माणसांच्या प्राणांनी मोजली जात आहे. हाताने मैला साफ करण्याच्या प्रथेविरुद्ध १९९३ मध्ये कायदा झाला. २०१३ मध्ये अधिक कडक कायदा आला आणि सुरक्षा साधनांवाचून माणसाला गटारात वा सेप्टिक टाकीत उतरविणे हा गुन्हा ठरला. पहिल्याच गुन्ह्याला दोन वर्षांपर्यंत कारावास किंवा दोन लाख रुपयांपर्यंत दंड, अथवा दोन्ही, अशी शिक्षा त्यात आहे. गटारात मृत्यू पावलेल्यांच्या कुटुंबीयांना दहा लाख रुपये द्यावेत, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये सांगितले. ऑक्टोबर २०२३ मध्ये ही रक्कम तीस लाखांवर नेणे न्यायालयाला भाग पडले. भरपाई वाढवावी लागते, याचाच अर्थ मृत्यू थांबलेले नाहीत.

हा दोष केवळ महापालिकांचा वा ठेकेदारांचा आहे, असे मानून मध्यमवर्गाने समाधान करून घेऊ नये. डिसेंबर २०१९ मध्ये मुंबईतील गोवंडी भागात एका गृहनिर्माण संस्थेची सेप्टिक टाकी साफ करताना तीन कामगारांचा बळी गेला. त्यांच्या पत्नींना भरपाईसाठी उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागली. टाकीत साचलेला विषारी वायू माणसाला क्षणार्धात बेशुद्ध करतो. आत पडलेल्या सहकाऱ्याला वाचविण्यासाठी दुसरा उतरतो आणि तोही परत येत नाही. यंत्राच्या गाडीपेक्षा दोन माणसे स्वस्त पडतात, हा हिशेब जिथे मांडला जातो, तिथे पाडव्याच्या वहीपूजनाला काय अर्थ उरतो?

भारतीय चिंतनात ऋणाची कल्पना फार खोल आहे. देवऋण, ऋषिऋण आणि पितृऋण सर्वांना परिचित आहेत. शतपथ ब्राह्मणात त्यांच्याच जोडीने मनुष्यांचेही ऋण सांगितले आहे. माणसाला आसरा आणि अन्न देऊन ते फेडावे, असा त्याचा आशय आहे. म्हणजे ज्याच्यामुळे जगणे सुकर होते त्याला घरात जागा आणि पंक्तीत पान देणे, हे दयेचे नव्हे, कर्जफेडीचे काम ठरते. विसाव्या शतकात महाराष्ट्राला हे गाडगेबाबांनी आचरून दाखविले. गावात आले की आधी हाती खराटा घेऊन गाव झाडायचे आणि रात्री कीर्तनातून मनांची झाडलोट करायची, हा त्यांचा क्रम होता. १९५६ मध्ये त्यांचे निर्वाण झाले. त्यांच्या नावाने ग्रामस्वच्छतेचे अभियान चालले, पुरस्कार दिले गेले. पण त्यांचा खराटा हाती घेण्यापेक्षा त्यांच्या तसबिरीला हार घालणे समाजाला नेहमीच सोपे वाटले.

दिवाळीचे पोस्त देण्याची चाल चांगलीच आहे, ती मोडू नये. परंतु अर्धवट उघडलेल्या दारातून सरकवलेली नोट म्हणजे कृतज्ञता नव्हे. नाव घेऊन हाक मारणे, घरातील पाहुण्यांना दिलेल्या ताटलीतलाच फराळ बसवून देणे, मुलांकरवी त्यांना नमस्कार करविणे, याला पैसा लागत नाही. लागते ती मनातील अढी काढण्याची तयारी. आपल्या कचऱ्याशी दुसऱ्याच्या हाताचा संबंध येतो, हे ध्यानी ठेवून ओला व सुका कचरा वेगळा करावा, फुटकी काच कागदात नीट गुंडाळून वर खूण करावी, स्वच्छतेची वस्त्रे उघडी टाकू नयेत. २०१६ च्या नियमांनी कचऱ्याच्या वर्गीकरणाचे बंधन घातले. पण ते पाळताना कायद्याच्या धाकापेक्षा त्या हातांची आठवण अधिक उपयोगी पडेल. आणि सोसायटीच्या प्रत्येक वार्षिक सभेत एक ठराव असावा : आमच्या टाकीत माणूस उतरणार नाही.

प्रश्न पुढच्या पिढीचाही आहे. लाड-पागे समितीच्या शिफारशींमुळे महाराष्ट्रात सफाई कामगाराच्या वारसाला नोकरीचा आधार मिळाला. तो हक्क अबाधित राहिलाच पाहिजे. पण आजोबांचा झाडू नातवाच्या हाती जाणे ही त्याची एकमेव वाट असता कामा नये. वस्तीतील अभ्यासिका, स्पर्धा परीक्षांचे मार्गदर्शन, कौशल्याचे शिक्षण ही कामे कार्यकर्त्यांनी आपल्या शाखेच्या, मंडळाच्या आणि घराच्या आवाक्यात आणावीत. समरसता ही परिसंवादात सिद्ध होत नसते. परस्परांच्या घरी जाण्यायेण्याने, सुखदुःखात उभे राहण्याने ती हळूहळू अंगी बाणते. यंदाच्या भाऊबीजेला एखाद्या सफाई कामगार भगिनीकडून ओवाळून घ्यावे, आणि ओवाळणी म्हणून तिच्या मुलीच्या वर्षभराच्या शिक्षणाचा भार उचलावा. असे संकल्प गावोगावी झाले, तर सणाला वेगळे तेज येईल.

लक्ष्मीपूजनाच्या दुसऱ्या दिवशी पहाटे शहर निजलेले असते. तेव्हा रस्त्यांवरचा फटाक्यांचा लाल चुरा गोळा करणारी माणसे आपल्या घरचे अभ्यंगस्नान मागे ठेवून आलेली असतात. आदल्या सायंकाळी ज्या केरसुणीला हळदकुंकू वाहिले, तिचेच भावंड त्यांच्या हाती असते. पूजा खरी असेल, तर तिचा मान त्या हातांपर्यंत पोहोचला पाहिजे. तो पोहोचविणे हे या दीपावलीचे कर्तव्य आहे.