उणे कोणाचे?

फराळाच्या ताटात तत्त्वज्ञान वाढणे हा काही शिष्टाचार नव्हे. पण यंदाच्या सुट्टीत मी एका इंग्रज चित्रकाराच्या विचित्र विचारांत असा गुंतलो, की वाचकहो, त्याची हकीकत आपल्याला सांगितल्यावाचून राहवत नाही.

त्याचे नाव ऑस्टिन ऑस्मन स्पेअर. १८८६ साली लंडनमध्ये एका पोलीस शिपायाच्या घरी तो जन्मला. हात मोठा तयारीचा. १९०४ साली, वयाच्या अवघ्या सतराव्या वर्षी, त्याचे चित्र रॉयल अकॅडमीच्या प्रदर्शनात लागले. पुढे त्याला जादूविद्येचे वेड लागले. पण दुसऱ्याच्या पंथात बसून उसने मंत्र पुटपुटणे या गृहस्थाला मानवेना. त्याने आपले स्वतःचेच एक तत्त्वज्ञान रचले आणि १९१३ साली पदरमोड करून ते छापले. पुस्तकाचे नाव ‘द बुक ऑफ प्लेझर’.

त्यातला विधी मोठा सुटसुटीत आहे. ना होम, ना दक्षिणा. आपली इच्छा एका वाक्यात लिहायची. पुन्हा पुन्हा आलेली अक्षरे खोडायची. उरलेल्या अक्षरांची मोडतोड करून त्यांचे एकच चिन्ह बनवायचे. या चिन्हाला ‘सिजिल’ म्हणतात. मग मन अगदी रिते झाले असताना त्या चिन्हावर चित्त एकाग्र करायचे, आणि शेवटी, सर्वांत महत्त्वाचे म्हणजे, ती इच्छा साफ विसरून जायची!

आपल्याकडे संकल्प सोडताना देश, काळ, नाव, गोत्र आणि काय हवे ते, सगळे मोठ्याने उच्चारतात. देवाच्या दरबारी अर्ज नीट भरलेला बरा. स्पेअरचा मार्ग नेमका उलटा. त्याचे म्हणणे असे की, जागे मन इच्छेबरोबर शंकाही बाळगते, आणि ती शंकाच इच्छेचा गळा धरते. म्हणून इच्छा मनाच्या तळघरात गुपचूप उतरवावी आणि वरून झाकण लावावे. पुढचे काम तळघर करील.

स्पेअर १९५६ साली वारला. पण त्याची कल्पना मेली नाही. १९७० नंतरच्या दशकात इंग्लंडातल्या काही तरुणांनी तिच्यावर नवा इमला चढवला. १९७८ साली पीटर कॅरोल यांचे ‘लिबर नल’ निघाले, आणि या विचाराला ‘केऑस मॅजिक’ हे नाव मिळाले. त्यांच्या मते श्रद्धा हे सत्य नसून हत्यार आहे. आज एक उचलावे, उद्या दुसरे. काम होण्याशी मतलब.

इथवर सारे गमतीचे आहे. पण कोणत्याही विधीला एक प्रश्न चुकत नाही: काम झाले नाही तर?

हा प्रश्न आपल्या पूर्वजांनीही विचारला होता. पुत्रप्राप्तीसाठी इष्टी केली आणि मुलगा झाला नाही, तर मग वेदवचन खोटे का मानू नये? न्यायसूत्रांत आणि त्यांवरच्या वात्स्यायनभाष्यात हा आक्षेप सरळ मांडलेला आहे. त्यावरचे उत्तरही ठरलेले: कर्मात, कर्त्यात किंवा साधनांत काहीतरी उणे राहिले असेल. उत्तर तर्काला बिनतोड आहे, कारण त्यात विधी कधीच हरत नाही. स्पेअरच्या विधीलाही अशीच पळवाट आहे, आणि ती अधिक अरुंद. तिथे सामग्री म्हणजे कागद आणि पेन्सिल. त्यांत काय उणे राहणार? मग उणे ते माणसाचेच. तू नीट विसरला नाहीस!

हल्ली ही कल्पना नावे बदलून घरोघर मोबाईलवर पोहोचली आहे. इच्छा रोज अमुक वेळा वहीत लिहा, मग सोडून द्या, विश्व ती पुरी करील. गेल्या वर्षी माझ्या वर्गातली एक मुलगी तास संपल्यावर मागे थांबली. वडील जाऊन महिना झाला होता. ते दवाखान्यात असताना तिने अशीच वही भरली होती. मला म्हणाली, “सर, ती इच्छा मनातून सोडून द्यायची असते. मला नाही सोडता आली. त्यामुळे तर नसेल ना?”

मी म्हणालो, “अगं, वडील आजारी असताना ते विसरणारी मुलगी मला दाखव बरं!” ती रडली. मीही गप्प बसलो.

मॅलिनोव्हस्की या मानवशास्त्रज्ञाने पहिल्या महायुद्धाच्या काळात ट्रोब्रिअँड बेटांवर राहून एक गोष्ट टिपली. तिथले कोळी खाडीच्या शांत पाण्यात मासे धरताना मंत्रतंत्र करीत नसत. खुल्या समुद्रात जाताना मात्र करीत. पण मंत्र म्हटला म्हणून होडीची बांधणी कुणी ढिली ठेवली नाही. जिथे हात पुरत नाहीत तिथे माणूस विधीला हाक मारतो. त्या हाकेला हसू नये. पण हाकेला ओ आली नाही, तर हाक मारणाऱ्याचा आवाज तपासू नये.

खुद्द स्पेअरचे काय झाले? १९४१ साली लंडनवर बॉम्ब पडत असताना त्याचा स्टुडिओ उद्ध्वस्त झाला, कित्येक चित्रे गेली, तो स्वतः जखमी झाला. त्याचे विसरणे कमी पडले, असे म्हणायला कुणाची जीभ रेटेल? बॉम्ब टाकणाऱ्याने टाकला, म्हणून पडला. पुढे हा माणूस ब्रिक्स्टनच्या एका तळघरात मांजरांच्या संगतीत राहिला, पुन्हा चित्रे काढू लागला, आणि १९४७ साली त्याने पुन्हा प्रदर्शन भरवले. ती चित्रे कुठल्या चिन्हाने झाली नाहीत. हाताने, रोज थोडीथोडी झाली.

या दिवाळीत आपण लक्ष्मीपूजन करालच. जरूर करा, दिव्यांनी घर उजळते, माणसे जवळ येतात. एवढेच पाहा, की वर्षभरात कुठे काही बिनसले, तर त्याची पावती पूजा मांडणाऱ्या सूनबाईच्या किंवा परीक्षेला बसलेल्या पोराच्या नावाने फाडली जाऊ नये.