रूपकाच्या आड दडलेली स्त्री

जपानमधील ‘पिंक’ चित्रपटांचा, म्हणजे अल्पखर्ची कामप्रधान चित्रपटांचा, दिग्दर्शक कोजी वाकामात्सु (१९३६–२०१२) याच्याविषयी समीक्षेत एक सोयीचे सूत्र रूढ झाले आहे : लैंगिकता हे निमित्त, राजकारण हाच खरा आशय. सूत्र आकर्षक आहे. म्हणूनच ते तपासले पाहिजे.

त्याचा जन्म एका अन्यायाच्या प्रतिक्रियेतून झाला, हे मान्य करावे लागेल. १९६५ साली ‘काबे नो नाका नो हिमेगोतो’ बर्लिन महोत्सवात दाखवला गेला, तेव्हा मायदेशात तो राष्ट्राची नामुष्की ठरला. त्याच वर्षी वाकामात्सुने स्वतःची निर्मितिसंस्था काढली. थोडका पैसा, तासा-सव्वातासाची लांबी आणि मधूनमधून देहदृश्ये, एवढे सांभाळले की उरलेल्या अवकाशात हवे ते मांडता येई. या मुभेतून मासाओ आदाचीसारख्या सहकाऱ्यासह त्याने बंडखोरीचा चित्रपट घडवला. इथवर वाद नाही.

वाद पुढे आहे. ‘ओकासारेता हाकुई’ (१९६७) हा चित्रपट शिकागोतील १९६६ च्या परिचारिका-हत्याकांडावरून सुचलेला. त्यातील खुन्याच्या वैफल्यात समीक्षक एका पिढीचे राजकीय वैफल्य वाचतात. मग परिचारिकांचे काय? येथे समीक्षेची वाचा बसते. पुरुषाला मन मिळते, इतिहास मिळतो. स्त्रीच्या वाट्याला केवळ अर्थाची हमाली. रूपक हे येथे अर्थोद्घाटनाचे साधन राहत नाही, ते अभयपत्र होते. नीतिवाद्याने देह पाहून डोळे मिटले, रूपकवाद्याने देहापलीकडे नजर लावली. मरणाऱ्या स्त्रीकडे दोघांनीही पाहिले नाही.

हा आक्षेप बाहेरून लादलेला नाही. वाकामात्सुच्याच ‘कॅटरपिलर’मध्ये (२०१०) चीनमधील युद्धात हातपाय गमावून परतलेल्या सैनिकाला गाव ‘युद्धदेव’ म्हणून पूजते. त्याला भरवणे, पुसणे, त्याची वासना शमवणे हे पत्नीच्या माथी येते. युद्धविरोध येथेही आहे. पण तो तिच्या राबत्या हातांतून, भाताच्या वाडग्यातून, अंथरुणातून उभा राहतो. त्या भूमिकेसाठी शिनोबू तेराजिमा हिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला, तोही बर्लिनमध्येच.

सत्तरी ओलांडल्यावर ज्याने स्त्रीला अर्थाच्या ओझ्याखालून बाहेर काढले, त्याच्या आरंभीच्या कृतींना हीच कसोटी लावणे हा त्याचा अवमान नव्हे. अवमान आहे तो सवलत देण्यात. कलावंताला माफी देणारी समीक्षा त्याला वाचायचेच टाळत असते.