तबकडीचा रुमाल कुणाच्या नावे बांधायचा?

न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडमधल्या तिघांच्या 'डे ला सोल' या हिप हॉप बँडने 1989 साली 'थ्री फीट हाय अँड रायझिंग' हा पहिला अल्बम काढला. नाव सुचलं जॉनी कॅशच्या एका गाण्यावरून. निर्माता प्रिन्स पॉल आणि या तिघांनी जुन्या तबकड्यांतले तुकडे, म्हणजे सॅम्पल, उचलून जणू गोधडी शिवली. 'ट्रान्समिटिंग लाइव्ह फ्रॉम मार्स' हा त्यातला जेमतेम मिनिटभराचा तुकडा घ्या. खाली 'द टर्टल्स' या साठच्या दशकातल्या बँडची चाल संथ करून फिरवलेली आणि वर फ्रेंच शिकवणाऱ्या तबकडीतला आवाज. उद्या याच्या मूळ टेपा, टिपणं, करारपत्रं एखाद्या अभिलेखागारात आली, तर नोंद काय होईल? कर्ता : डे ला सोल, साल : 1989, इतक्या पेट्या. नियमाला धरून चोख. पण गोधडी कोणकोणत्या लुगड्यांची, याचा पत्ता नाही. माझ्या मते तो पत्ता हीच अशा संग्रहाची मुख्य नोंद असायला हवी.

पुण्याच्या पेशवे दफ्तरातले रुमाल, म्हणजे कापडात बांधलेले कागदांचे गठ्ठे, ज्यांनी पाहिलेत, त्यांना अभिलेखशास्त्राचं मूळ तत्त्व सांगावं लागत नाही : कागद ज्याच्या दफ्तरातून आले त्याच्या नावे ठेवा, एकाचे दुसऱ्यात मिसळू नका. आंतरराष्ट्रीय अभिलेख परिषदेच्या 'इसाड-जी' या मानकात वर्णनाचे 26 घटक आहेत आणि वर्णन वरून खाली उतरतं : आधी संग्रह, मग मालिका, मग फाइल, मग एकेक वस्तू. सरकारी खात्याच्या कागदांना ही उतरंड उत्तम लागू पडते. सॅम्पलवर उभ्या अल्बमचं मूळ मात्र एका उतरंडीत मावत नाही. 'संबंधित अभिलेख' असा रकाना त्या मानकातही आहे, हे मान्य. पण तिथे लिहिलेली टीप एका बाजूनेच वाचता येते. टर्टल्सच्या कागदांपाशी पोचलेल्या अभ्यासकाला ती दिसत नाही. परिषदेने 2023 मध्ये आणलेल्या 'रेकॉर्ड्स इन कॉन्टेक्स्ट्स' या नव्या आराखड्यात व्यक्ती, अभिलेख आणि कृती यांच्यातलं नातं हीच स्वतंत्र नोंद असते आणि ती दोन्ही टोकांकडून सापडते. हिप हॉपसाठी तो जणू मापानेच शिवलाय.

यावर खर्चाचा आक्षेप येतो. न उघडलेल्या पेट्या भिंतीला लागलेल्या असताना एकेक सॅम्पल नोंदवत कोण बसणार? सरसकट नोंदवूच नये. परवानग्यांची यादी पेटीत आयती असेल, तर तिच्यापुरते दुवे जोडले तरी पुष्कळ. दुसरा आक्षेप जास्त टोकदार आहे : सॅम्पलची यादी म्हणजे वकिलाच्या हाती दिलेला पुरावा. ही भीती पोकळ नाही. त्या मिनिटभराच्या तुकड्यावरून टर्टल्सच्या सदस्यांनी दावा लावला. तो कोर्टाबाहेर मिटला. 1991 च्या शेवटी रॅपर बिझ मार्कीविरुद्धच्या खटल्यात न्यूयॉर्कच्या न्यायालयाने विनापरवाना सॅम्पलला थेट चोरी ठरवलं. डे ला सोलचा हा अल्बम अमेरिकेच्या राष्ट्रीय ध्वनिमुद्रण सूचीत 2010 च्या यादीत गेला, तरी परवानग्यांच्या गुंत्यापायी स्ट्रीमिंगवर यायला 3 मार्च 2023 उजाडला. पण नोंद करणं वेगळं आणि ती खुली करणं वेगळं. पाहण्याच्या अटी आणि मुदत लिहायचा रकाना जुन्या मानकातही आहे. खाजगी पत्रांना आपण तो लावतोच. न लिहिलेली गोष्ट मुदत संपली तरी खुली करता येत नाही.

तिघांपैकी ट्रुगॉय 12 फेब्रुवारी 2023 रोजी, त्या स्ट्रीमिंगच्या अवघे एकोणीस दिवस आधी, वारला. कोणती तबकडी कुणाच्या घरातून आली, कुणी आधी ऐकवली, कोणता तुकडा कुणाचा हट्ट होता, यातलं जे त्यालाच ठाऊक होतं ते आता कोणत्याच रकान्यात भरता येणार नाही. उरलेले दोघे आणि प्रिन्स पॉल यांना मात्र अजून विचारता येतं.