लेनिनचा कारखाना, रेगनचा चौक

पूर्व युरोपातील शहरांत गेल्या काही वर्षांत एका नव्या व्यवसायाला चांगलीच बरकत आली आहे. प्राग, बुडापेस्ट, बुखारेस्ट, वॉर्सा, कोठेही जा, कम्युनिस्ट राजवटीच्या खुणा दाखवीत प्रवाशांना दोन-तीन तास पायी हिंडविणारे वाटाडे तेथे हजर असतात. इतिहास दाखवून कोणी पोट भरीत असेल तर त्याबद्दल आमची तक्रार नाही. परंतु ज्या इतिहासाचा कर्ता श्रमिक वर्ग होता, त्या इतिहासातून त्या वर्गालाच अलगद वगळून उरलेला भाग तमाशा म्हणून विकला जात असेल, तर समाजवाद्यांनी गप्प बसून चालणार नाही.

पोलंडमधील क्राकोव शहराला लागून असलेल्या नोवा हुताचेच उदाहरण घेऊ. नोवा हुता म्हणजे नवा पोलाद कारखाना. मोगिला, प्लेशूव आदी गावांची सुपीक काळी जमीन ताब्यात घेऊन 1949 साली येथे एका संपूर्ण नगराची उभारणी सुरू झाली. खेड्यापाड्यांतून आलेल्या तरुण मुलामुलींनी चिखलात आणि बराकींत दिवस काढून हे नगर विटेवर वीट रचून उभे केले. 1954 साली पहिली झोतभट्टी पेटली आणि कारखान्याला लेनिनचे नाव मिळाले. सत्तरच्या दशकात तेथे सुमारे चाळीस हजार कामगार होते.

आज या नगरात प्रवाशाला काय दाखवितात? कमानी, रुंद रस्ते, चित्रपटगृहाच्या तळघरातील अणुयुद्धाचे आश्रयस्थान, जुन्या पद्धतीने सजविलेली एखादी सदनिका, आणि वर व्होडकाचा पेला. पायी हिंडण्याचा कंटाळा असेल त्याच्यासाठी ट्राबांट मोटारही तयार असते. ही ट्राबांट पूर्व जर्मनीतल्या झ्विकाऊची. पोलिश कुटुंबाचे स्वप्न असे ते छोट्या फियाटचे. पण ज्यांना इतिहास नको, नुसती गंमत हवी, त्यांना एवढ्या तपशिलाची काय पर्वा? ज्या चौकातून फेरी निघते त्या मध्यवर्ती चौकाला 2004 सालापासून रोनाल्ड रेगन यांचे नाव आहे. पोलिश कामगारांच्या स्वातंत्र्याचा कैवार घेतल्याबद्दल हा मान! याच रेगन महाशयांनी ऑगस्ट 1981 मध्ये आपल्या देशात संपावर गेलेल्या अकरा हजारांहून अधिक हवाई वाहतूक नियंत्रकांना एका फटक्यात नोकरीवरून काढून टाकले होते. त्यानंतर चार महिन्यांनी, 13 डिसेंबर रोजी जनरल यारुझेल्स्की यांनी पोलंडमध्ये लष्करी कायदा पुकारला, तेव्हा कामगारांच्या हक्कांवर गहिवरून बोलणारेही हेच. त्या चौकात उभे राहून या दोन गोष्टी एका दमात सांगणारा वाटाड्या विरळाच.

आमच्या डाव्या मित्रांपैकी काहींचे म्हणणे असे की, या फेऱ्या म्हणजे समाजवादाच्या बदनामीची मोहीम आहे. तिला उत्तर द्यायचे तर त्या राजवटीने बांधलेली घरे, पाळणाघरे, रुग्णालये, शाळा यांचा पाढा वाचावा. घरे बांधली हे खरेच आहे, आणि आज सरकारे घर ही बाजारातील वस्तू मानत असताना ती आठवण मोलाचीही आहे. परंतु हे उत्तर अर्धवट आहे आणि म्हणून घातक आहे. चर्चसाठी दिलेली परवानगी मागे घेऊन त्या जागी रोवलेला लाकडी क्रूस उखडण्याचा प्रयत्न एप्रिल 1960 मध्ये झाला, तेव्हा नोवा हुताच्या रस्त्यांवर पोलिसांशी झुंजणारे लोक कोण होते? ऑक्टोबर 1982 मध्ये सुरक्षा खात्याच्या अधिकाऱ्याच्या गोळीने मेला तो बोग्दान व्वोसिक वीस वर्षांचा कामगार होता. कामगारांच्या नावाने राज्य करणाऱ्या पक्षाला कामगारांचीच भीती वाटत होती. हे झाकून ठेवणाऱ्याला रेगन चौकाबद्दल बोलण्याचा नैतिक अधिकार उरत नाही. लोकशाहीवाचून समाजवाद म्हणजे नोकरशहांची जहागीर, हे आमच्या पक्षपरंपरेने पोलादी पडदा शाबूत असतानाच सांगितले होते. आज तो पडदा फाटल्यावर ते बोलायला आम्ही का बिचकावे?

खरा आक्षेप वेगळाच आहे. या फेऱ्यांतून पसरविली जाणारी कथा अशी: लोकांना रांगांचा आणि रिकाम्या दुकानांचा कंटाळा आला, त्यांना बाजार हवा होता, 1989 साली तो मिळाला, गोष्ट संपली. ही कथा साफ खोटी आहे. ऑगस्ट 1980 मध्ये ग्दान्स्कच्या गोदी कामगारांनी लाकडी फळ्यांवर लिहिलेल्या एकवीस मागण्या आज युनेस्कोच्या जागतिक स्मृती नोंदवहीत आहेत. त्या वाचाव्यात. पक्षापासून आणि मालकापासून स्वतंत्र असलेल्या कामगार संघटना, संपाचा हक्क, मुद्रणस्वातंत्र्य या पहिल्या मागण्या. पण पुढे? निवृत्तीचे वय कमी करा, बाळंतपणासाठी तीन वर्षांची पगारी रजा द्या, नोकरी करणाऱ्या बायकांच्या मुलांसाठी पुरेशी पाळणाघरे काढा, घरासाठी ताटकळण्याचा काळ कमी करा, सर्व शनिवार सुटीचे करा, पोलीस आणि पक्षयंत्रणेच्या खास सवलती रद्द करा. यांत कारखाने विका असे कोठे म्हटले आहे? सुमारे एक कोटी सभासदांची सॉलिडॅरिटी ही संघटना उभी राहिली ती या मागण्यांवर. त्या राजवटीला तिच्याच शब्दाला जागायला लावणारी ती चळवळ होती. 26 एप्रिल 1988 रोजी लेनिन कारखान्यात संप सुरू झाला तोही पगारवाढीसाठी, आणि ती संपकऱ्यांनी केवळ स्वतःसाठी मागितली नाही, आरोग्यसेवेतील कर्मचाऱ्यांसाठी आणि निवृत्तांसाठीही मागितली. मे महिन्याच्या सुरुवातीला मध्यरात्री सशस्त्र पोलीस घुसवून तो मोडण्यात आला.

आंद्रे वायदा यांनी 1977 साली पडद्यावर आलेल्या ‘मॅन ऑफ मार्बल’ या चित्रपटात याच नगरातील एका गवंड्याची कहाणी सांगितली. विक्रमी विटा रचणारा वीर म्हणून त्याचा संगमरवरी पुतळा होतो, आणि तो प्रश्न विचारू लागताच तोच पुतळा तळघरात जातो. नव्या राजवटीने त्या गवंड्याला तळघरातून बाहेर काढले, पण केवळ प्रवाशांनी त्याच्याबरोबर छायाचित्र काढावे म्हणून.

पुतळ्याचा विषय निघालाच आहे तर लेनिनचेही सांगून टाकू. गुलाब मार्गावर 1973 साली उभारलेला हा प्रचंड पुतळा डिसेंबर 1989 मध्ये उतरविला गेला आणि पुढे स्वीडनमधील एका करमणूक उद्यानाच्या मालकाने तो विकत घेतला. अमेरिकन गुराख्यांच्या जगाची नक्कल करणारे ते उद्यान! भांडवलशाहीला विनोदबुद्धी नसते असे कोण म्हणतो?

राहिला कारखाना. त्याची हकीकत आम्हा भारतीयांनी तरी विसरू नये. 1990 साली लेनिनचे नाव जाऊन पोलादतज्ज्ञ सेन्द्झिमिर यांचे नाव आले. त्याच वर्षी बाल्सेरोविच यांची कठोर आर्थिक योजना अमलात आली. ज्या देशात उघड बेकारी जवळजवळ नव्हती, तेथे तीन-चार वर्षांत बेकारीचे प्रमाण सोळा टक्क्यांच्या आसपास गेले. 2004 साली देशातील मोठे पोलाद कारखाने एकत्र करून बनविलेली सरकारी कंपनी विकली गेली, आणि विकत घेणारा होता राजस्थानात जन्मलेल्या लक्ष्मी मित्तल यांचा उद्योगसमूह. आपल्या वृत्तपत्रांना तेव्हा भारतीय माणसाच्या कर्तृत्वाचे केवढे कौतुक! नोव्हेंबर 2019 मध्ये याच समूहाने क्राकोवची झोतभट्टी थंड केली, ती तात्पुरती म्हणून. ऑक्टोबर 2020 मध्ये ती कायमची बंद झाल्याचे जाहीर झाले. हातांनी उभारलेली आणि संपांनी गाजविलेली भट्टी विझविण्याचा निर्णय घेताना त्या नगराचे मत कोणी मागितले? पक्षाच्या मध्यवर्ती समितीनेही ते कधी मागितले नव्हते. मालक बदलला, विचारण्याची पद्धत बदलली नाही.

या फेऱ्यांना सरसकट दोष देणे अन्यायाचे होईल. नोवा हुतातच वाढलेले, आईबापांच्या आठवणी जपणारे जाणते लोकही हे काम करतात, आणि नगराच्या संग्रहालयाने बरेच काही निगुतीने जतन केले आहे. पण प्रवाशाला हसवून परत पाठविण्याचे दडपण धंद्यात असते, आणि विझलेली भट्टी हसू आणीत नाही. म्हणून आपल्यापैकी कोणी तिकडे गेलाच, तर त्याने फेरी सदनिकेत आणि व्होडकात संपू देऊ नये. ट्रामने कारखान्याच्या फाटकापर्यंत जावे आणि वाटाड्याला 1988 चा संप कोठे मोडला आणि 2020 साली काय बंद झाले, हे दोन्ही प्रश्न विचारावेत.