शेवटी कोण उतरते?

आपण सकाळी चहाबरोबर जो अंक उघडतो, त्याची पाने मध्यरात्रीच्या सुमारास छपाईला जातात. मग उपसंपादक मंडळी कचेरीच्या गाडीत बसतात. त्यांत एखाददुसरी मुलगी असते. घरच्यांना समाधान, की पोर एकटी नाही, ऑफिसची गाडी आहे. त्यांना धास्ती असते ती रस्त्यावरच्या परक्या माणसाची. शेजारी बसलेल्या ज्येष्ठ सहकाऱ्याची कोणी धरत नाही. अंधार, दाटीवाटी, खड्ड्याचे निमित्त. बोलावे तर ‘तुझा गैरसमज झाला’ हे उत्तर तयार.

मालकाने पुरवलेले वाहन हेही कामाचेच ठिकाण, असे २०१३ चा कायदा सांगतो. म्हणजे गाडीतल्या प्रकाराची तक्रार कचेरीच्या अंतर्गत समितीकडे तीन महिन्यांत करता येते. दहापेक्षा कमी माणसांची कचेरी असेल तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे. मंत्र्यांच्या दौऱ्यात चार दैनिकांचे वार्ताहर एकाच गाडीत कोंबलेले असतात. त्रास देणारा दुसऱ्या दैनिकाचा असला, तरी तिच्याच कचेरीची समिती चौकशी करू शकते, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२५ मध्ये स्पष्ट केले.

पण हे सारे घडून गेल्यानंतरचे. माझी हयात बँकेत गेली. तिथे रोकड हलवायची तर सोबत अधिकारी, बंदूकधारी रक्षक आणि निघाल्या-पोचल्याची नोंद. तिजोरीच्या दोन किल्ल्या दोघांकडे. यात आपल्यावर अविश्वास आहे, असे कोणालाच वाटत नसे. मग माणसांच्या गाडीला साधी वही का नसावी? कोण बसले, कोण कुठे, किती वाजता उतरले. शेवटी उतरणारी मुलगी नको. त्यापायी चार-पाच किलोमीटरचा उलटा फेरा पडेल. पेट्रोलचा हिशेब मी मांडून देतो, फार होत नाही. २००७ साली पुण्यात एका बीपीओतील तरुणीला न्यायला आलेल्या कंपनीच्या गाडीच्या चालकानेच साथीदारासह अत्याचार करून तिचा खून केला होता. महाराष्ट्राच्या २०१७ च्या दुकाने व आस्थापना कायद्याने रात्री साडेनऊनंतर काम करणाऱ्या स्त्रीला घराच्या दारापर्यंत पोचवण्याची जबाबदारी मालकावर टाकली आहे.

तक्रार झाली, की संपादक काळजीपोटी म्हणतात, ‘तू आता रात्रपाळी करू नकोस.’ रात्रपाळी गेली की पहिले पान गेले, दौरा गेला की बातमी गेली. तो मात्र गाडीत आपल्या नेहमीच्या जागेवर! चौकशी चालू असताना तिने लेखी मागणी केली, तर समिती त्याच्या बदलीची शिफारस करू शकते. हे कलम संपादकांनी एकदा काढून वाचावे.