शर्तीच्या रकान्यात काय लिहावे?

आमच्या मोहल्ल्यात एका निकाहची बोलणी चालू होती. मुलगी नर्सिंग शिकलेली. तिच्या अब्बांनी वहीच्या पानावर तीन शर्ती लिहून माझ्यापुढे ठेवल्या. "मॅडम, जरा चांगल्या मराठीत करून द्या." लग्नानंतर मुलगी आमच्याच गावात, आमच्याजवळ राहील. नवरा दुसरा निकाह करणार नाही. पटले नाही तर नवरा तिला पाच लाख रुपये देईल.

मराठी सुधारणे सोपे होते. पण तिन्ही शर्ती अशाच लिहिल्या, तर कोर्टात त्या कितपत उपयोगी पडतील याची मला शंका होती.

लग्नानंतर बायको आईवडिलांकडे राहील, असा निकाहपूर्वीचा करार मुंबई हायकोर्टाने 1904 मध्येच रद्द ठरवला होता. (हंबली फिकहमध्ये अशी शर्त मोडली तर स्त्रीला निकाह तोडण्याचा हक्क मिळतो. आपल्याकडे बहुतेक घरे हनफी, कोकणात शाफई.) पैशांच्या शर्तीचेही तसेच. दुसरा निकाह करताना एकाने पहिल्या बायकोला लिहून दिले होते की, पुढे आपले बिनसले तर मी तुला ठरलेला खर्च देईन. शंभरएक वर्षांपूर्वी मुंबईच्याच कोर्टाने तो करार मानला नाही. विभक्त होण्याची सोय आधीच करून ठेवणारा करार सार्वजनिक हिताविरुद्ध, असे कारण दिले. पुढे मद्रासने वेगळा विचार केला, पण आपली मुलगी अशा वादात का घालायची?

म्हणून काय शर्ती लिहूच नयेत? मुळीच नाही. निकाहच्या वेळी कबूल केलेल्या शर्ती पाळण्याचा हक्क सर्वांत मोठा, अशा अर्थाची हदीस बुखारी शरीफमध्ये आहे. कोर्टांनीही पुष्कळ शर्ती मान्य केल्या आहेत. नवाब हुसेनी बेगम यांना सासऱ्यांनी कबूल केलेला महिना 500 रुपये खर्च-ए-पानदान 1910 मध्ये प्रिव्ही कौन्सिलने मिळवून दिला. करार झाला तेव्हा त्या अल्पवयीन होत्या.

मी त्या अब्बांना म्हटले, ते पाच लाख मेहरमध्ये घाला. मुवज्जल मेहर तलाक झाला किंवा शौहर वारला की देणे होतेच. मेहर हे कर्ज आहे, ते वेगळ्या कराराच्या आधाराने उभे नाही. दुसऱ्या निकाहची नुसती मनाई लिहून तो निकाह बातिल होत नाही. त्याऐवजी तलाक-ए-तफवीज लिहा: माझ्या संमतीशिवाय दुसरा निकाह केला, तर स्वतःला तलाक देण्याचा हक्क मला राहील. असा करार कलकत्त्याच्या कोर्टाने 1871 मध्येच मान्य केला. हा तलाक आपोआप होत नाही, स्त्रीने तो हक्क वापरावा लागतो. आणि खुलासारखे मेहर सोडून देण्याचा प्रश्न त्यात येत नाही. गावात राहण्याची शर्त मात्र कागदावर नको, दोन्ही घरांनी समोरासमोर बोलून घ्यावे. मी वकील नाही. मसुदा वकिलाला दाखवा, हेही सांगितले.

मुलीची अम्मी नाराज झाली. "खुशीच्या मौक्याला तलाकचे नाव कशाला?" मी म्हटले, मेहर लिहितानाही आपण तोच विचार करतो ना?

निकाहनाम्यात जागा अपुरी, म्हणून वेगळा कागद जोडला. त्यावर साक्षीदारांच्या सह्या घ्यायचे ठरले. नवऱ्या मुलाने मसुदा दोनदा वाचला आणि विचारले, "खर्च दिला नाही तरही हा हक्क, असे लिहिलेय. किती महिने दिला नाही तर?" त्याचे वडील म्हणाले, एक वर्ष. अम्मी, जी इतका वेळ गप्प होती, म्हणाली, तीन महिने. शेवटी सहा महिने लिहिले गेले.